स्कॅफॉइड फ्रॅक्चर: तळव्याकडून की हाताच्या पाठीकडून?

माणदेश_ऑर्थो

नमस्कार. माण तालुक्यात काम करतो. सध्या स्कॅफॉइडच्या (मनगटातलं अंगठ्याकडचं छोटं हाड) फ्रॅक्चरचे दोन रुग्ण समोर आहेत, दोघांचंही ऑपरेशन याच आठवड्यात उरकायचं आहे.

पहिला: वय २४, उजवा हात, मोटारसायकलवरून पडून १२ दिवस. वेस्टचं (हाडाच्या मधल्या अरुंद भागाचं) पूर्ण फ्रॅक्चर. सीटीत अडीच मिमीची पायरी, इंट्रास्कॅफॉइड अँगल (हाड मध्ये वाकल्याचा कोन) ४५ अंश, तळव्याच्या बाजूला हाडाचा थोडा चुरा. लॅटरलमध्ये (बाजूच्या एक्स-रेत) ल्युनेट (शेजारचं हाड) निखळलेला नाही, पण पाठीकडे कललेला आहे, स्कॅफोल्युनेट अँगल (या दोन हाडांमधला कोन) ६५. बोटांना मुंग्या वगैरे नाहीत.

दुसरा: वय १९, डावा हात, कबड्डीत पडून ३ आठवडे. मनगट लचकलं समजून गावात पट्टी बांधून घेतली होती. प्रॉक्सिमल पोलचं (हाडाच्या वरच्या, म्हणजे कोपराकडच्या, टोकाचं) फ्रॅक्चर, सरकलेलं नाही. वरचा तुकडा लांबीला साधारण ६ मिमी.

सी-आर्म (ऑपरेशनमध्ये लाइव्ह एक्स-रे दाखवणारं यंत्र) चांगला आहे, हँड टेबल आहे, ब्लॉक (फक्त हात बधिर करणारी भूल) देणारे भूलतज्ज्ञ आहेत. हेडलेस स्क्रूचा (डोकं नसलेला, हाडात पूर्ण बुडणारा स्क्रू) सेट मिरजेहून मागवावा लागतो. तळव्याकडचा रस्ता हाताखालचा आहे, पाठीकडचा कमी वेळा केलाय. प्रश्न असा की दोन्ही तळव्याकडूनच करता येतील का? पहिल्याला छोट्या छेदातून स्क्रू चालेल की उघडावंच लागेल? आणि स्क्रूला वाट दाखवणारी वायर हाडात मधोमध आहे याची खात्री कशी करता, तेही नेमकं सांगा. पडद्यावर छान दिसलेला स्क्रू नंतरच्या सीटीत एका कडेला गेलेला दिसतो, असं बऱ्याच ठिकाणी पाहतो.

कृष्णाकाठ (कराड)

डॉक्टर, पहिला तळव्याकडून आणि दुसरा पाठीकडून. हात कोणत्या रस्त्याला बसलाय याला इथे किंमत नाही, फ्रॅक्चर कुठे आहे त्यावरून रस्ता ठरतो. हेडलेस स्क्रूच्या दोन्ही टोकांचे आटे वेगवेगळ्या अंतराचे असतात आणि त्या फरकामुळेच दाब बसतो. त्यासाठी दोन्ही टोकांना आपापल्या तुकड्यात पकड हवी. तुमच्या दुसऱ्या रुग्णाचा तुकडा ६ मिमीचा. स्क्रू तळव्याकडून आणलात आणि वर २ मिमी हाड सोडलंत की पुढच्या आट्यांना उरतात ४ मिमी. बहुतेक स्क्रूंचे पुढचे आटे त्यापेक्षा लांब असतात, म्हणजे थोडे आटे फ्रॅक्चरच्या रेषेत अडकणार. मग दाब तर बसत नाहीच, उलट फट आहे तशी धरून ठेवली जाते.

आता पहिला. पायरी, कोन आणि चुरा तिन्ही आहेत, तेव्हा उघडाच. छोट्या छेदातून वायर घालून कुबड (हाडाला आलेला बाक) तसंच पक्कं करण्यात काही हशील नाही.

हात उताणा, मनगटाखाली टॉवेलची गुंडाळी, टूर्निकेट २५० मिमी. छेद एफसीआरच्या (तळव्याकडे मनगट वाकवणाऱ्या टेंडनच्या) रेषेत ३ ते ४ सेंमी, ट्यूबर्कलपाशी (स्कॅफॉइडच्या उंचवट्यापाशी) आल्यावर अंगठ्याच्या बुडाकडे वळवा. एफसीआरच्या करंगळीकडच्या कडेला जाऊ नका, तिथे मेडियन नर्व्हची तळव्याची त्वचेची फांदी असते. रेडियल आर्टरीची वरवरची फांदी छेदाला आडवी येते, ती बांधून कापलेली बरी. ओढली गेली की पुढे सगळं रक्तात करावं लागतं. एफसीआरचं आवरण उघडून टेंडन करंगळीकडे, आर्टरी अंगठ्याकडे, आणि मधल्या तळातून कॅप्सूल.

इथे रेडिओस्कॅफोकॅपिटेट लिगामेंट (रेडियस या पुढच्या हातातल्या अंगठ्याकडच्या हाडापासून स्कॅफॉइडवरून कॅपिटेट या मनगटातल्या मधल्या हाडाकडे जाणारा पट्टा) लागतं. वेस्टचं फ्रॅक्चर दिसायला त्याचा काही भाग कापावा लागतो, पण कापायच्या आधी दोन्ही टोकांना धागे लावून ठेवा. शेवटी ते शिवायचंच आहे. घाईत राहून गेलं तर फ्रॅक्चर जुळूनही मनगट ढिलं राहतं. आणि कॅप्सूल सोडवताना अंगठ्याच्या कडेने वळसा घालून पाठीकडे पेरिऑस्टिअल एलेव्हेटर (हाडावरचं आवरण सोडवायचं अवजार) नेऊ नका. वरच्या ७० ते ८० टक्के हाडाला रक्त डॉर्सल रिजवरून (हाडाच्या पाठीकडच्या कडेवरून), म्हणजे खालून वर उलट्या दिशेने जातं. तळव्याकडचा रस्ता सुरक्षित म्हणायचा तो एवढ्यासाठीच की तो या रक्तवाहिन्यांना हात लावत नाही. एलेव्हेटरने तिथवर पोचलात तर ती सुरक्षितता गेली.

१२ दिवसांची गुठळी धुऊन काढा. प्रत्येक तुकड्यात १.२ मिमीची एकेक के-वायर (हाडात घालायची टोकदार तार) जॉयस्टिक म्हणून, तुकडा धरून हलवायला, स्क्रूच्या वाटेत येणार नाही अशी. दूरचा तुकडा तळव्याकडे वाकलेला आणि किंचित पालथा झालेला असतो. तो उचलून उताणा करायचा, जवळचा तुकडा दुसऱ्या वायरने खाली दाबून धरायचा. जुळलं की नाही हे तळव्याकडच्या कॉर्टेक्सवरून (हाडाच्या कडक बाहेरच्या थरावरून) ठरवू नका. तिथेच चुरा आहे, तो फसवतो. कॅपिटेटकडच्या कूर्चेची कड आणि अंगठ्याकडची कड, या दोन जुळायला हव्यात. मग लॅटरल घ्या. ल्युनेट रेडियसच्या रेषेत परत आलेला असेल तर कुबड गेलं समजा. ल्युनेट अजून कललेला असेल तर स्कॅफॉइड आखूडच राहिलाय.

चुऱ्याची पोकळी भरल्याशिवाय स्क्रू आवळू नका. दाबाखाली तळव्याची बाजू खचते आणि दहा मिनिटांपूर्वी काढलेलं कुबड पुन्हा येतं. छेद वर थोडा वाढवून प्रोनेटर क्वाड्रॅटसच्या खालून रेडियसमध्ये एक सेंमीची खिडकी काढली की पुरेसं स्पंजी हाड मिळतं. कमरेपर्यंत जायची गरज नाही.

वायरसाठी एसटीटी जॉइंटची (स्कॅफॉइड, अंगठ्याच्या बुडाचं ट्रॅपेझियम आणि शेजारचं ट्रॅपेझॉइड यांच्यातल्या सांध्याची) कॅप्सूल आडवी उघडा. ट्रॅपेझियमची पुढची ओठासारखी कड २ ते ३ मिमी रॉन्जरने (हाड कुरतडायच्या पकडीने) उडवा. वायर कडेला जाण्याचं सगळ्यात नेहमीचं कारण हीच कड. ती आडवी आल्यामुळे वायर ट्यूबर्कलवर फार तळव्याकडे सुरू होते आणि मग वेस्ट ओलांडेपर्यंत पाठीकडच्या कॉर्टेक्सला लागते. सुरुवात जॉइंटच्या आत, कूर्चेवर हवी. तिथून पुढच्या हाताच्या रेषेशी साधारण ४५ अंश पाठीकडे आणि ४५ अंश करंगळीकडे.

मधोमध आहे का, याला पीए (समोरासमोरचा) आणि लॅटरल दोन फोटो पुरत नाहीत. स्कॅफॉइड दोन्ही प्लेनमध्ये तिरका बसलेला असतो, त्यामुळे एका फोटोत कडेला असलेली वायर दुसऱ्यात मधोमध दिसू शकते. पीए करंगळीकडे झुकवून, खरा लॅटरल, ४५ अंश उताणा तिरका आणि ४५ अंश पालथा तिरका, हे चार हवेतच. त्यानंतर सी-आर्म स्थिर ठेवून लाइव्हवर हात उताण्यापासून पालथ्यापर्यंत सावकाश फिरवा. वायरचं टोक एकाही क्षणी हाडाच्या सावलीबाहेर जाता कामा नये. वरच्या तुकड्याच्या मधल्या तिसऱ्या भागात वायर नसेल तर काढा आणि पुन्हा घाला. "चालतंय, स्क्रू जाईल" म्हणून ठेवलेली वायर पुढे स्क्रूलाही तिथेच नेते. फक्त दुसऱ्या वेळी जुन्या भोकात ती घसरते, म्हणून पहिली वायर तशीच ठेवून शेजारून दुसरी घाला, दुसरी पक्की झाल्यावर पहिली काढा. पहिली स्क्रूच्या वाटेबाहेर कडेला असेल तर स्क्रू बसेपर्यंत ठेवा, तुकडा फिरू नये म्हणून तिचाच उपयोग होतो.

हस्तशल्य_मिरज

कृष्णाकाठ सरांशी सहमत, एका मुद्द्यावर थोडी वेगळी भर. न सरकलेल्या वेस्टला मी पाठीकडचा छोटा छेद पसंत करते, कारण ट्रॅपेझियम वाटेत येत नाही आणि स्क्रू हाडाच्या मध्यरेषेत सहज बसतो. पण माणदेश सरांच्या पहिल्या रुग्णाला तो रस्ता चालणार नाही. पाठीकडून वायर घालायला मनगट पूर्ण वाकवावं लागतं, आणि अस्थिर वेस्टमध्ये ते वाकवणं म्हणजे कुबड आपल्या हाताने वाढवणं.

दुसऱ्या रुग्णाचं सविस्तर लिहिते, कारण तुम्ही पाठीकडून कमी वेळा केलंय असं म्हणता.

पूर्ण बंद पद्धतीने, नुसत्या टोचणीतून करू नका. ईपीएल (अंगठा उचलणारा टेंडन) आणि बोटांचे एक्स्टेन्सर (बोटं सरळ करणारे टेंडन) अगदी शेजारून जातात, ड्रिलमध्ये टेंडन गुंडाळला गेला तर नंतर अंगठा उचलत नाही. लिस्टर ट्यूबर्कलपासून (रेडियसच्या पाठीवरच्या उंचवट्यापासून) बोटांकडे दोन ते अडीच सेंमी छेद. आधी ईपीएल डोळ्यांनी पाहा, तो अंगठ्याकडे घ्या, चौथ्या कप्प्याचे (बोटांचे) टेंडन करंगळीकडे. रेडियसच्या कडेच्या लगेच पुढे कॅप्सूल आडवी उघडा. हा छेद अंगठ्याच्या दिशेने लांबवायचा मोह होतो, तो आवरा. तिकडेच डॉर्सल रिज आहे, आणि या रुग्णात वरच्या तुकड्याचं रक्त आधीच तुटलेलं आहे, उरलेलं आपण तोडायचं नाही.

मनगट वाकवलं की प्रॉक्सिमल पोलची कूर्चा समोर येते. स्कॅफोल्युनेट लिगामेंट पांढऱ्या पट्ट्यासारखं दिसतं. वायरची जागा त्याच्या लगत, अंगठ्याच्या बाजूला. लिगामेंटमधून जाऊ नका. दिशा अंगठ्याच्या बुडाकडे, अंगठा सरळ धरला तर त्याच्या रेषेत. बारीक तुकड्यात दुसऱ्यांदा वायर घालायला जागा नसते, त्यामुळे पहिली घालायच्या आधी हवा तेवढा वेळ घ्या.

आता जिथे हमखास चुकतं ते. वायर पाठीकडे बाहेर असताना लॅटरल पाहण्यासाठी कुणी मनगट सरळ केलं की वायर रेडियसच्या कडेवर वाकते किंवा तुटते, आणि तुटलेलं टोक कूर्चेत अडकतं. सहायकाला आधीच बजावून ठेवा. तपासायचं असेल तर वायर पुढे ढकलून अंगठ्याच्या बुडाशी त्वचेबाहेर काढा, मागचं टोक कूर्चेच्या आत गेलं की मगच मनगट सरळ करा, चारही फोटो घ्या, मग पुन्हा वाकवून वायर मागे आणा. ड्रिल करतानाही वायर पुढच्या बाजूने बाहेर ठेवून क्लॅम्प लावा. म्हणजे ड्रिलबरोबर मागे निघून आली किंवा तुटली तरी दोन्हीकडून पकडता येते.

६ मिमीच्या तुकड्याला ३ मिमीचा स्क्रू नको, तुकडा चिरतो. २ ते २.४ मिमीचा मिनी स्क्रू घ्या. तुकडा फिरू नये म्हणून १ मिमीची दुसरी वायर आधी घाला आणि स्क्रू पूर्ण बसेपर्यंत काढू नका. १९ वर्षांच्या पोराचं हाड कडक असतं. पुरतं ड्रिल न करता नुसत्या सेल्फ-टॅपिंगवर विसंबलात तर स्क्रू अर्ध्यात अडतो, आवळत राहिलात की तुकडेच एकमेकांपासून दूर ढकलले जातात. ड्रिल हाताने, थंड सलाइन सोडत, दूरच्या कॉर्टेक्सच्या २ मिमी अलीकडे थांबा.

स्क्रूचं मागचं टोक कूर्चेच्या खाली २ मिमी पुरलेलंच हवं. हा भाग रेडियसवर भार घेणारा आहे. अर्धा मिमी जरी वर राहिला तरी रेडियसची कूर्चा खरवडली जाते, आणि ते ऑपरेशनमध्ये फक्त डोळ्यांनी कळतं, सी-आर्मवर नाही, कारण कूर्चा फोटोत दिसत नाही. कूर्चेची जाडी धरून चला.

आणि नातेवाइकांना आजच सांगा: प्रॉक्सिमल पोल जुळायला १२ ते २४ आठवडे लागतात. वेस्टसारखं तीन महिन्यांत मोकळा होईल असं आश्वासन देऊ नका.

ओटी_सांगली

सर, मॅडम, टेबलावरच्या काही गोष्टी. सेट बाहेरून येतो तेव्हा यातच घोळ होतो.

सेट आदल्या दिवशी दुपारपर्यंत मागवा आणि निर्जंतुक करायच्या आधी उघडून पाहा. लांबी १६ ते ३० मिमीपर्यंत सगळ्या आहेत का, विशेषतः २० ते २६ मधल्या. याच जास्त लागतात आणि याच संपलेल्या असतात. मिनी स्क्रू वेगळ्या ट्रेमध्ये येतो, तो नावाने सांगावा लागतो, नाहीतर फक्त ३ मिमीचा ट्रे हातात पडतो.

गाइड वायर त्याच सेटची आणि त्याच लांबीची घ्या. मोजपट्टी वायरचा बाहेर राहिलेला भाग बघून आतली लांबी सांगते. दुसऱ्या कंपनीची किंवा टोक कापलेली वायर लावली तर मोजपट्टी बिनचूक वाचूनही आकडा चुकीचा येतो. वायर सेटप्रमाणे ०.८ ते १.१ मिमी जाडीच्या, निदान चार नव्या सांगा. एकदा वापरलेल्या वायरचं टोक बोथट होतं, ती कूर्चेवर सरकते. किंचित वाकलेली असली की ड्रिल तिच्यावर घासून ती कापते.

पोकळ ड्रिल बिट आणि स्क्रू ड्रायव्हरमध्ये आधीच्या केसचं रक्त वाळलेलं असतं. क्लीनिंग स्टायलेट (साफ करायची बारीक सळी) आरपार जातोय का बघा. गेला नाही तर ऐन वेळी ड्रिल वायरवर चढत नाही. ड्रायव्हरचं टोक षटकोनी आहे की ताऱ्यासारखं, ते स्क्रूत एकदा बसवून बघा.

तिरका फोटो घेताना हात नेहमी त्याच कोनात यावा म्हणून आम्ही ४५ अंशाचा फोमचा त्रिकोण निर्जंतुक कव्हरमध्ये घालून ठेवतो. सर्जनचे दोन्ही हात मोकळे राहतात.

माणदेश_ऑर्थो

सर्वांचे आभार. चित्र बरंच साफ झालं. पाठीकडून वायर बाहेर असताना मनगट सरळ करायचं नाही, हे आमच्या टीमला ऑपरेशनआधी सांगून ठेवतो.

याच ओघात अजून दोन. एक, न सरकलेल्या वेस्टचे रुग्णही आता थेट "स्क्रू टाका, लवकर कामाला लागायचंय" म्हणतात. त्यांचं काय करता? दोन, एक जुना रुग्ण आहे. वय ३१, ऊस वाहतुकीच्या ट्रॅक्टरवर चालक, १४ महिन्यांचं वेस्टचं नॉनयुनियन (न जुळलेलं फ्रॅक्चर), कुबड स्पष्ट. रेडियल स्टायलॉइडचं (रेडियसच्या अंगठ्याकडच्या सुळक्याचं) टोक किंचित टोकदार झालंय, बाकी सांधा चांगला. तंबाखू रोजची.

कृष्णाकाठ (कराड)

न सरकलेल्याला प्लास्टर. २०२० साली लॅन्सेटमध्ये आलेल्या स्विफ्ट चाचणीत इंग्लंड आणि वेल्समधल्या ३१ रुग्णालयांतले ४३९ रुग्ण होते, वेस्टची फ्रॅक्चर, २ मिमीपर्यंत सरकलेली. वर्षभरानंतर मनगटाचा त्रास आणि काम यात ऑपरेशन आणि प्लास्टर यांत फरक निघाला नाही. अट एकच: प्लास्टरमध्ये जुळत नाहीये असा संशय आला की लगेच स्क्रू टाकायचा, महिनोन् महिने वाट पाहायची नाही. म्हणजे प्लास्टरवाल्याला वेळेवर परत बोलावणं हा उपचाराचाच भाग आहे. आपल्याकडे रुग्ण सुगीला किंवा कारखान्याच्या हंगामाला लागला की येत नाही. तो येणारच नाही अशी खात्री असेल तर स्क्रूचा विचार समजू शकतो.

प्लास्टर कोपराखालचं, अंगठा मोकळा ठेवला तरी चालतो. वेस्टला ८ ते १२ आठवडे.

आणि अशाला स्क्रू टाकायचाच ठरला तर तळव्याकडून अर्ध्या सेंमीच्या छेदातून होतो, टूर्निकेटही लागत नाही. अंगठ्याला फिंगर ट्रॅपने (बोट अडकवून ओढणाऱ्या जाळीने) ताण दिला की एसटीटी जॉइंट उघडतो. १४ गेजची सुई त्या जॉइंटमध्ये घालून ट्रॅपेझियम पाठीकडे ढकला आणि वायर त्याच सुईतून आत घाला. सुईच वाट दाखवते आणि त्वचेखालच्या मज्जातंतूही वाचतात.

हस्तशल्य_मिरज

ट्रॅक्टरचालकाबद्दल. स्टायलॉइड टोकदार म्हणजे झिजेचा पहिला टप्पा सुरू झालाय, पण स्कॅफॉइड अजून वाचवण्यासारखा आहे. कॅपिटेटच्या बाजूला झीज पोचली की मग ग्राफ्टची (दुसरीकडचं हाड आणून भरण्याची) वेळ गेलेली असते, तेव्हा स्कॅफॉइड काढून चार हाडं जोडणं किंवा मनगटातल्या हाडांची वरची ओळच काढणं उरतं. म्हणून या रुग्णाला पुढच्या हंगामानंतरची तारीख देऊ नका.

ऑपरेशनआधी दोन्ही मनगटांचा सीटी. चांगल्या बाजूच्या स्कॅफॉइडची लांबी हे आपलं माप, ग्राफ्ट किती मोठा हवा ते त्यावरून निघतं. वरच्या तुकड्याला रक्त आहे का हे एमआरआयवरून अंदाजाने कळतं, पण निर्णय टेबलावर होतो. तुकड्याची कडा क्युरेटने खरवडून टूर्निकेट सोडा आणि पाहा. बारीक बारीक ठिपक्यांनी रक्त आलं तर साधा ग्राफ्ट लागू पडतो. हाड पांढरं फटक राहिलं तर साध्या ग्राफ्टचा भरवसा कमी. मग रेडियसच्या पाठीवरचा रक्तवाहिनीसकट तुकडा किंवा, कुबड असेल तर, गुडघ्याच्या आतल्या कॉन्डाइलमधला मायक्रोसर्जरीने जोडलेला तुकडा. ही शक्यता संमतिपत्रात आधी लिहा, आणि मायक्रोसर्जरी होत नसेल त्या ठिकाणी असा रुग्ण टेबलावर घेऊच नका.

रक्त असेल असं धरून पद्धत सांगते. तळव्याकडचाच रस्ता, कृष्णाकाठ सरांनी लिहिला तो, फक्त छेद मोठा. स्कॅफॉइडला हात लावायच्या आधी ल्युनेट सरळ करा, हा क्रम उलटला की सगळं चुकतं. मनगट तळव्याकडे वाकवा, लॅटरलवर ल्युनेट रेडियसच्या रेषेत आला की रेडियसच्या पाठीकडून १.५ मिमीची के-वायर ल्युनेटमध्ये घालून त्याला तिथेच थांबवा. आता मनगट सरळ करून मागे नेलं की नॉनयुनियन तळव्याकडून आपोआप फाकतं आणि खरी पोकळी दिसते. ल्युनेट न थांबवता पोकळी मोजलीत तर ती नेहमी कमी भरते, ग्राफ्ट लहान बसतो आणि कुबड अर्धंच सुटतं.

टोकं ताजी करायला क्युरेट आणि बारीक ऑस्टिओटोम. पॉवर बर (यंत्रावर फिरणारं घासायचं टोक) नको, उष्णतेने उरलेलं हाडही मरतं. कमरेच्या हाडाच्या कडेचा ट्रायकॉर्टिकल (तीन बाजूंना कडक थर असलेला) तुकडा काढा. छेद एएसआयएसच्या (कमरेच्या हाडाच्या पुढच्या टोकाच्या) मागे निदान २ सेंमी, मांडीच्या बाहेरच्या त्वचेचा नर्व्ह वाचतो. तुकडा पाचरीसारखा घडवा, कॉर्टेक्स तळव्याकडे, स्पंजी भाग आत, पण आधी दोन्ही टोकांच्या पोकळ्या सुट्या स्पंजी हाडाने गच्च भरा, पाचर नंतर. पाचर हलक्या ठोक्याने बसली पाहिजे. सैल बसली तर लहान आहे, नवी घडवा. मग स्क्रू तिन्ही तुकड्यांतून मधोमध. पाचर चिरत असेल किंवा स्क्रू धरत नसेल तर हट्ट सोडा, १.२ मिमीच्या दोन के-वायर घाला. ल्युनेटची वायर ६ आठवड्यांनी काढा. स्टायलॉइड छाटणार असाल तर ३ ते ४ मिमीच, जास्त छाटलं की रेडिओस्कॅफोकॅपिटेट लिगामेंटचा उगमच जातो.

तंबाखूचं मोघम सांगून भागत नाही. निकोटिन बारीक रक्तवाहिन्या आवळतं, आणि या हाडाला वाहिन्याच मोजक्या. तारीख देण्यापूर्वी ४ ते ६ आठवडे बंद, जुळेपर्यंत बंद. बायका रुग्ण असतील तर मशेरीबद्दल स्पष्ट विचारा. "तंबाखू खात नाही" हे उत्तर खरं असतं, मशेरी त्या प्रश्नात येत नाही.

फिजिओ_सातारा

माझ्या बाजूने. बोटं, कोपर आणि खांदा ऑपरेशनच्या दिवसापासून हलवायचे. मूठ पूर्ण वळते की नाही ते पहिल्या आठवड्यातच पाहा, सूज बोटांत उतरली की ती नंतर महिनाभर छळते. छोट्या छेदातून, न सरकलेल्या वेस्टला स्क्रू घातला असेल तर दोन आठवड्यांनी स्प्लिंट काढून हलकी हालचाल सुरू करता येते. उघडून ग्राफ्ट घातलेल्याला नाही, तिथे ६ ते ८ आठवडे प्लास्टर, आणि पुढचं सर्जननी सीटी पाहून सांगितल्यावर.

घात होतो तो मधल्या काळात. दुखायचं थांबतं आणि पोरगा तालमीत जातो. बैठका मारू द्या, जोर नाही. जोरात मनगट पूर्ण मागे वाकलेलं असतं आणि अंगाचा भार थेट स्कॅफॉइडवर येतो. तसंच म्हशीची धार काढणं, पाना फिरवणं, मोटारसायकलचा ॲक्सिलरेटर पिळणं. "जड उचलू नका" एवढं सांगितलं की लोक यातलं काहीच जड धरत नाहीत. या कामांची नावं घेऊन सांगा. कबड्डीवाल्याला सीटीत निम्म्याहून जास्त हाड जोडलेलं दिसेपर्यंत मैदान बंद.

सर्जन मंडळींना एक विनंती. सीटीच्या चिठ्ठीवर नुसतं "मनगट" लिहू नका, "स्कॅफॉइडच्या लांबीच्या रेषेत काप" असं लिहा. साध्या कापांत कुबडही नीट दिसत नाही आणि जोडलेलं हाड किती तेही कळत नाही. साध्या एक्स-रेवर तर १२ आठवड्यांना जुळलं की नाही यावर दोन डॉक्टरांचं एकमत होणं अवघड.

माणदेश_ऑर्थो

ठरवलेलं लिहितो, काही चुकत असेल तर सांगा. पहिला गुरुवारी: तळव्याकडून उघडून, रेडियसचा ग्राफ्ट, मापातून ४ मिमी वजा करून स्क्रू. दुसरा शुक्रवारी: पाठीकडून छोटा छेद, मिनी स्क्रू, तेच गणित. ट्रॅक्टरचालकाला आज तंबाखू बंद करायला सांगून दोन्ही मनगटांच्या सीटीला पाठवतो, आणि मायक्रोसर्जरी होते अशा ठिकाणीच तारीख घ्यायला लावतो.

कृष्णाकाठ (कराड)

गणितात एक दुरुस्ती. ४ मिमी वजा करतात ते दोन्ही टोकांना २-२ मिमी सोडण्यासाठी. हे तुकडे आधीच एकमेकांना टेकलेले असतील तेव्हा खरं. पहिल्या रुग्णात वायर मोजताना फट उरली असेल तर ती फटही मापात येते. स्क्रू आवळल्यावर फट मिटते, हाड तेवढं आखूड होतं आणि स्क्रूचं टोक रेडियसच्या सांध्यात डोकावतं. तेव्हा मोजण्याआधी फट जॉयस्टिकने दाबून बंद करा, ते जमत नसेल तर फटीइतकं आणखी वजा करा. पुरुषाला वजाबाकीनंतरही स्क्रूचं माप २८ च्या वर आलं तर स्क्रू मागण्याआधी पुन्हा मोजा, बहुतेक वेळा वायर कॉर्टेक्सच्या पलीकडे गेलेली असते. आणि मोजून झाल्यावर, ड्रिल करायच्या आधी, वायर आणखी पुढे रेडियसमध्ये रुतवा, नाहीतर ड्रिलबरोबर ती बाहेर येईल. हे माप घेतल्यानंतरच, आधी नाही.